मारी गाइस्टिंगरवर ७५ मिनिटांचा कार्यक्रम: कुठल्या भूमिका घ्याव्या, कुठली गाणी कुणाला द्यावी?

नौपाडाकर

नमस्कार मंडळी. ठाण्यात आमच्या वाचक मंडळातर्फे मारी गाइस्टिंगर या १९व्या शतकातल्या ऑस्ट्रियन ऑपेरेटा (मध्ये गद्य संवाद असलेलं हलकंफुलकं संगीत नाटक) गायिका-अभिनेत्रीवर कार्यक्रम बसवतोय. मध्यंतर नाही, एकूण ७५ मिनिटं. सभागृह दीडशे खुर्च्यांचं आहे. विंगा नाहीत, पुढचा पडदा नाही. प्रोजेक्टर आणि दोन माइक मिळतील.

माणसं अशी: एक निवेदिका, एक नाट्यसंगीत गाणाऱ्या ताई (काळी चार), वाशीहून येणारी पाश्चात्त्य पद्धतीने शिकलेली एक सोप्रानो (उंच आवाजाची गायिका), गाणं जेमतेम पण अभिनय उत्तम असलेला एक नट, हार्मोनियम, व्हायोलिन, डिजिटल पियानो आणि तबला.

अडलंय ते असं. तिची कारकीर्द जवळपास ५० वर्षांची. सगळं सांगायला गेलं तर सनावळी होते. कुठे थांबायचं, कुठे पुढे सरकायचं? योहान श्ट्राउसच्या ‘फ्लेडरमाउस’ या ऑपेरेटामधलं कुठलं गाणं कुणाला झेपेल? जर्मन नावं कशी उच्चारायची? आणि तिचा आवाज ऐकवता येईल का? ज्यांनी हे काम केलंय त्यांनी सविस्तर लिहा, वेळ आहे.

ऐरोली_रंगपीठ

आवाजाचा प्रश्न आधी निकालात काढते. ऐकवायला तिचं ध्वनिमुद्रण नाही. तिचा ऐन बहर १८६५ ते १८७५, आणि एडिसनचा फोनोग्राफ १८७७चा. तेव्हा ‘तिच्या काळातला आवाज’ म्हणून इंटरनेटवरून काहीतरी उचलून लावू नका. दुसऱ्या कुणाचा आवाज लावलात तर ते नाव घेऊन सांगा.

आता कारकीर्द. व्हिएन्नात तिला ऑपेरेटाची राणी म्हणत, त्यामुळे बहुतेक लोक गाण्यांची माळ लावून मोकळे होतात. तिचं मोठेपण कळतं ते तिच्या भूमिका एकमेकींशेजारी ठेवल्यावर. ऑफेनबाखच्या ‘सुंदर हेलेना’तली हेलेना, श्ट्राउसच्या ‘फ्लेडरमाउस’मधली रोझालिंडे, लोकनाट्यातली खेड्यातली पोर आणि जर्मन शोकान्तिकेतल्या राण्या, हे सगळं एकाच बाईनं केलं, आणि मधली सहा वर्षं व्हिएन्नाच्या थिएटर आन डेर वीनचा कारभारही पाहिला. आपल्याकडे संगीत नट स्वतः मंडळी काढायचे (केशवराव भोसल्यांची ललितकलादर्श १९०८, बालगंधर्वांची गंधर्व नाटक मंडळी १९१३), त्या ओळखीच्या वाटेनं प्रेक्षकाला आत न्या. तीस-चाळीस वर्षं आधी व्हिएन्नात हेच एक स्त्री करत होती, हे एकदा ऐकलं की ठाण्याचा प्रेक्षक सावरून बसतो.

मिनिटांची वाटणी मी अशी करेन.

जन्मापासून १८६५पर्यंत फक्त ६ मिनिटं. २६ जुलै १८३६, ग्रात्स. १८५०च्या दशकाच्या सुरुवातीला व्हिएन्नाच्या योझेफश्टाट थिएटरात ‘नकली पेपिता’, म्हणजे तेव्हा गाजत असलेल्या पेपिता दे ओलिव्हा या स्पॅनिश नर्तकीची नक्कल. मग बर्लिन, हाम्बुर्ग, रीगा. इथे रेंगाळू नका. फक्त एवढं ठसवा की तिची पहिली ओळख नकलेतून झाली. पुढे रोझालिंडे हंगेरियन सरदारणीचं सोंग घेते तेव्हा याचा उपयोग होतो.

हेलेना, १४ मिनिटं. ऑफेनबाखचा हा खेळ पॅरिसमध्ये १७ डिसेंबर १८६४ला लागला, तिथली हेलेना ओर्तान्स श्नायडर. बरोबर तीन महिन्यांनी, १७ मार्च १८६५ला, तोच खेळ जर्मनमध्ये थिएटर आन डेर वीनला लागला आणि गाइस्टिंगर एका रात्रीत शहराची झाली. पाठोपाठ १८६६ला ‘ब्लाउबार्ट’, १८६७ला ‘गेरोलश्टाइनची ग्रँड डचेस’. या दोन्हींची नावं घ्या आणि पुढे चला. इथेच तिची प्रतिस्पर्धी नटी योझेफीन गालमायर आणा. दोघींची स्पर्धा गावभर चर्चेत होती. गालमायर फटकळ, हजरजबाबी, प्रेक्षकांशी थेट भिडणारी. गाइस्टिंगर डौलाची, नेमकी. दोन वाक्यांत फरक सांगा. भांडणाच्या चटकदार कथांवर वेळ घालवू नका, त्यातल्या बऱ्याच मागाहून रंगवलेल्या असतात.

कारभार, १० मिनिटं. १८६९मध्ये थिएटरचा आधीचा संचालक श्ट्राम्फर सोडून गेला आणि गाइस्टिंगर व माक्सिमिलिआन श्टाइनर यांनी मिळून थिएटर चालवायला घेतलं, ती १८७५पर्यंत. योहान श्ट्राउस तोपर्यंत फक्त वाल्ट्झ आणि पोल्का या नाचांच्या संगीतासाठी प्रसिद्ध होता. त्याला रंगभूमीवर आणणारं थिएटर हेच: ‘इंडिगो’ १० फेब्रुवारी १८७१, ‘कार्निव्हल इन रोम’ १ मार्च १८७३, ‘फ्लेडरमाउस’ ५ एप्रिल १८७४, ‘कालिओस्त्रो’ २७ फेब्रुवारी १८७५. चारही खेळांत मुख्य स्त्रीभूमिका तिची. या चार तारखा एका स्लाइडवर खाली खाली लावा, निवेदिकेनं वाचून दाखवू नयेत.

मग लोकनाट्य, १० मिनिटं. लुडविग आन्त्सेनग्रुबरचं ‘किर्शफेल्डचा पाद्री’ ५ नोव्हेंबर १८७०ला याच थिएटरात लागलं. लेखक तेव्हा पोलीस खात्यात कारकून होता आणि एल. ग्रूबर या टोपणनावानं लिहीत होता. पुढल्या वर्षी ‘खोट्या शपथेचा शेतकरी’ आलं. पहिल्यातली आना बिर्कमायर गाइस्टिंगरनं केली: अनाथ मुलगी, पाद्री हेलच्या घरी कामाला राहते, तो तिला गळ्यातला क्रूस देतो आणि गावात कुजबुज सुरू होते. हा प्रवेश निवेदन म्हणून सांगू नका, करा. चार मिनिटांत होतो.

हा प्रवेश ‘फ्लेडरमाउस’च्या आधी ठेवायचा. आना बघितलेल्या प्रेक्षकाला रोझालिंडेचं खोटं रडणं खोटं म्हणून ओळखू येतं.

‘फ्लेडरमाउस’ला २८ मिनिटं, त्यावर संगीतवाले लिहितीलच. शेवटची ७ मिनिटं १८७५नंतरची: थिएटर सोडलं, १८७७ ते १८८० लाइप्झिगच्या नगर थिएटरात गंभीर भूमिका, १८८१पासून अमेरिकेत न्यूयॉर्कच्या थालिया थिएटरसह जर्मन प्रेक्षकांसाठी दौरे, परत येऊन केर्न्टेन प्रांतात रास्टेनफेल्डच्या गढीत वास्तव्य, सप्टेंबर १९०३मध्ये क्लागेनफुर्टला मृत्यू. दफन व्हिएन्नाच्या मध्यवर्ती दफनभूमीत, मानाच्या जागी.

बेरीज ७५ होते. टाळ्या आणि माइक बदलणं धरून ८२ होतील, म्हणून निवेदनाची संहिता ६८ मिनिटांचीच लिहा.

घोडबंदर_व्हायोलिन

गाण्यांचं बोलतो. ‘फ्लेडरमाउस’चं पियानो-गायन स्वरपत्रक आयएमएसएलपी या ऑनलाइन स्वरपत्रक-संग्रहावर फुकट मिळतं, तेच सगळ्यांना एकाच आवृत्तीतून द्या. दोन आवृत्त्या मिसळल्या की तालमीत क्रमांक जुळत नाहीत.

चारदाश, म्हणजे हंगेरियन नाचाच्या चालीचं गाणं. दुसऱ्या अंकात रोझालिंडे मुखवटा घालून हंगेरियन सरदारीण म्हणून मेजवानीला येते. पाहुण्यांना शंका येते, तेव्हा पुरावा म्हणून ती हे गाते. १८६७च्या तडजोडीनंतर ऑस्ट्रिया-हंगेरी असं जोड राज्य झालं होतं, म्हणून व्हिएन्नाच्या प्रेक्षकाला त्यातली गंमतही कळायची आणि कळही. हे गाणं ऑपेरेटाच्या आधीच, १८७३च्या शरदात, याच थिएटरातल्या मदतनिधीच्या कार्यक्रमात तिनं गायलं होतं. म्हणजे व्हिएन्नाकरांना चारदाश आधी माहीत झाला आणि रोझालिंडे नंतर.

हे सोप्रानोलाच द्या. कारण आकड्यात सांगतो. शेवटी आवाज वरच्या डीपर्यंत जातो. काळी चारचा षड्ज धरून मोजलंत तर तो अतितार सप्तकातला तीव्र मध्यम. नाट्यसंगीताच्या मोकळ्या, छातीच्या आवाजात तिथे कुणी पोचत नाही. ‘चार-पाच सूर खाली घेऊ’ असं कुणी म्हणेल. पाच अर्धस्वर उतरवलं तरी टोकाला अतितारातला कोमल रिषभ उरतो, आणि उलट संथ भागातल्या खालच्या ओळी इतक्या खाली जातात की ऐकूच येत नाहीत. सोप्रानोला त्या दिवशी वरचा सूर नको वाटला तर तिनं तो शेवट खाली घ्यावा, पट्टी बदलू नये.

चारदाशाचे दोन भाग: संथ लाशान आणि वेगवान फ्रिश्का. संथ भागात पियानोनं गायिकेची वाट पाहायची. इथे हंगेरियन वळण येतं ते पहिल्या अक्षरावरच्या आघातानं, छोटा सूर आधी आणि लांब सूर नंतर. आपले वादक सवयीनं लांबण आधी घेतात, लगेच हंगेरी नाहीशी होते. वेगवान भाग पहिल्या ओळीपासून पळवू नका, शेवटी जीभ वळत नाही. वेग दोन टप्प्यांत वाढवा. एकूण साडेचार-पाच मिनिटं धरा.

ताईंना हेलेना द्या. श्नायडरसाठी लिहिलेली ती भूमिका मधल्या पट्टीत आहे, आजही मेझो (मधल्या पट्टीच्या) गायिका ती गातात. व्हीनसला उद्देशून जी प्रार्थना आहे, ‘आमच्या शीलाला असं वारंवार घसरायला लावण्यात तुला काय सुख मिळतं’ या आशयाची, ती मराठी शब्दांत ताईंना सुंदर बसेल. फक्त ताना नकोत. ऑफेनबाखची ओळ सरळ असते, आणि शब्दाचा अर्थ सरळ तोंडानं सांगण्यातच तिची मजा आहे. मुरकी घेतली की शब्द हरवतो.

तबला: वाल्ट्झला दादरा लावू नका. मात्रा ३ अधिक ३ अशा जुळतात म्हणून मोह होतो, पण दादऱ्यात चौथ्या मात्रेवर खाली येते आणि दोन मापं मिळून एक आवर्तन बनतं. वाल्ट्झचं प्रत्येक माप स्वतंत्र, प्रत्येक पहिल्या मात्रेला तेवढंच वजन, आणि व्हिएन्नाच्या पद्धतीत दुसरी मात्रा किंचित आधी येते. तबला आला की ते मराठी पद होतं. तबलजींना निवेदनामागे, आन्त्सेनग्रुबरच्या प्रवेशाआधी ढोलकीसारखं काही वाजवायला सांगू नका, तो भाग शांतच हवा. मला विचाराल तर या कार्यक्रमात तबला नसावा.

हार्मोनियम आणि डिजिटल पियानो एकत्र वाजणार असतील तर आधी सूर तपासा. हार्मोनियम बहुधा ४४० हर्ट्झपेक्षा थोडी चढी असते आणि ती जागेवर उतरवता येत नाही. पियानोच्या सेटिंगमध्ये ट्यूनिंग हर्ट्झमध्ये बदलता येतं, पियानोच हार्मोनियमकडे न्या. नाहीतर व्हायोलिनवाला दोघांच्या मध्ये लटकतो. आणि हे कार्यक्रमाच्या दिवशी एसी सुरू झाल्यावर पुन्हा करा.

तिसरं गाणं म्हणून पहिल्या अंकातलं त्रिगीत घ्या, रोझालिंडे, आडेले आणि आइझेनश्टाइन यांचं. नवरा आठ दिवसांच्या तुरुंगवासाला निघालाय. बायको, मोलकरीण आणि नवरा तिघंही ऊर बडवून निरोप घेतात, आणि मनातून तिघंही मेजवानीच्या किंवा भेटीच्या विचारानं खूश आहेत. ‘ओ ये, ओ ये, किती हे दुःख’ या ओळीला चाल लागते ती पोल्क्याची. अभिनय असा करायचा: चेहरा आणि खांदे शोकात, आणि टाच आपोआप ठेका धरते. आधी एकाचीच टाच, मग दुसऱ्याची. तिघं एकदम नाचायला लागले की गेलं सगळं. नटाचं गाणं जेमतेम असलं तरी चालेल, त्याची ओळ मी व्हायोलिनवर धरतो तशी धरायला सांगा आणि त्यानं लयीत बोलावं.

बेलापूर_वाचक

संशोधन आणि उच्चार.

जुनी व्हिएन्नाची वर्तमानपत्रं ऑस्ट्रियाच्या राष्ट्रीय ग्रंथालयाच्या आनो या संग्रहात स्कॅन करून ठेवली आहेत. ‘नोयं फ्रायं प्रेस्सं’ १८६४पासूनचं आहे, म्हणजे हेलेनापासून सगळं हाती लागतं. अडचण लिपीची. छपाई फ्राक्टूर या जुन्या जर्मन वळणाची, आणि तिच्यातला शब्दामधला लांब एस दिसायला एफसारखा असतो. संगणक गाइस्टिंगर हे नाव बऱ्याचदा ‘गाइफ्टिंगर’ म्हणून वाचतो. त्यामुळे नाव नुसतं बरोबर लिहून शोधलं तर निम्मे निकाल हाती येत नाहीत. एसच्या जागी एफ टाकून दुसऱ्यांदा शोधा. तेही नाही जमलं तर नावानं न शोधता तारखेनं जा: पहिल्या प्रयोगानंतरचे तीन-चार दिवसांचे अंक उघडा, आणि परीक्षण बहुधा पानाच्या तळाशी आडव्या रेघेखाली असतं, तिथे पाहा. ५ एप्रिल १८७४ हा ईस्टरचा रविवार होता, तेव्हा सोमवारचा अंक सापडला नाही तर गोंधळून जाऊ नका.

एक चूक बहुतेक मराठी लेखांत उतरलेली दिसते: ‘फ्लेडरमाउस पडलं, १६ प्रयोगांत बंद झालं.’ १६ प्रयोगांनंतर खंड पडला हे खरं, पण कारण आधीच ठरलेला पाहुण्या इटालियन ऑपेराचा मोसम. खेळ नंतर परत लागला. मे १८७३मध्ये व्हिएन्नाचा शेअरबाजार कोसळला होता आणि त्या मंदीत हे घडतंय, हे मात्र जरूर सांगा. शेवटचं ‘सगळा दोष शॅम्पेनचा’ हे गाणं त्या प्रेक्षकाला कसं लागलं असेल ते वेगळं समजवावं लागत नाही.

आणखी तीन गफलती. योहान श्ट्राउस, रिखार्ड श्ट्राउस आणि ऑस्कर श्ट्राउस हे तीन वेगळे, एकमेकांचे नातेवाईक नाहीत. ‘मेरी विडो’ हा ऑपेरेटा ३० डिसेंबर १९०५चा, तोवर गाइस्टिंगर जाऊन दोन वर्षं झाली होती. तिच्या फोटोमागे ते सूर वाजवू नका. आणि ऑपेरेटाला ‘ऑपेरा’ म्हणू नका. ऑपेरेटात गद्य संवाद बोलले जातात, मध्ये गाणी. ‘आपल्या संगीत नाटकासारखं’ एवढं एकदा म्हणा, पुढे समजावत बसू नका.

फोटो: १८६०-७०च्या दशकातले तिचे भूमिकेतले फोटो बहुतेक व्हिजिटिंग कार्डाएवढ्या छापाचे, साधारण सहा बाय दहा सेंटिमीटर पुठ्ठ्यावर. संग्रहालयांनी स्कॅन करून टाकलेली मोठी फाइल घ्या. शोधात दिसणारी लहान प्रत पडद्यावर ताणली की चेहरा पिठासारखा होतो. रंग भरलेले, ‘सुधारलेले’ फोटो अजिबात नकोत. तो तपकिरीपणाच तिचा काळ आहे.

हक्कांचं: भारतात लेखकाच्या मृत्यूनंतर ६० वर्षं. ऑफेनबाख १८८०, आन्त्सेनग्रुबर १८८९, श्ट्राउस १८९९, शब्दकार हाफनर आणि गेने हे दोघे १९व्या शतकातच गेले. मूळ शब्द आणि संगीत मोकळं आहे. अलीकडचा इंग्रजी अनुवाद आणि अलीकडचं ध्वनिमुद्रण मोकळं नाही. मराठी शब्द थेट जर्मनवरून करा किंवा तुमचे तुम्ही लिहा.

उच्चार. मराठी माणसाला जर्मन झेड अवघड नाही, तो ‘चाक’, ‘चमचा’ यातला च आहे. ‘चहा’तला नव्हे. स्वराआधीचा एस म्हणजे ‘माझा’तला झ. डब्ल्यूचा व, व्हीचा बहुधा फ. ईआय आलं की आय, आयई आलं की ई, म्हणून ‘वीन’, ‘वायन’ नाही. वायन म्हणजे दारू. शब्दाच्या सुरुवातीला एसटी आलं तर श्ट, मध्ये आलं तर स्ट. म्हणून श्ट्राउस आणि श्टाइनर, पण गाइस्टिंगर. ‘इश’ आणि ‘इक’ यांच्यातला जो आवाज आहे त्यासाठी जीभ ‘ई’ म्हणताना असते तिथेच ठेवून फक्त श्वास सोडा. निवेदिकेला सगळी नावं मोठ्या टायपात, उच्चाराप्रमाणे देवनागरीत लिहून द्या. रोमनमध्ये दिलं की ऐन वेळी इंग्रजी उच्चार तोंडात येतो.

कोपरी_जुनी_तबकडी

माझं मत वेगळं आहे. ज्या गायिकेचा आवाजच नाही तिच्यावर ७५ मिनिटं काढण्यापेक्षा फ्रिट्सी मासारी ही नंतरची ऑपेरेटा गायिका घ्या. जन्म व्हिएन्ना १८८२, १९०४पासून बर्लिनच्या मेट्रोपोल थिएटरात. ऑस्कर श्ट्राउसचं ‘शेवटचा वाल्ट्झ’ १९२०, लेओ फालचं ‘मादाम पोंपादूर’ १९२२, पुन्हा श्ट्राउसचं ‘काय हवं ते ठाऊक असलेली बाई’ १९३२. ज्यू असल्यामुळे नाझी आले आणि जर्मन रंगभूमी तिच्यासाठी संपली. नवरा माक्स पालेनबेर्ग १९३४ला विमान अपघातात गेला. १९३८ला लंडनमध्ये एक इंग्रजी भूमिका, मग अमेरिका, तिथेच १९६९ला मृत्यू. तिच्या तबकड्या आहेत, ऐकवता येतात. आवाज मोठा नाही, पण शब्द टाकण्याची पद्धत अशी की अर्धं वाक्य गाते आणि उरलेलं श्रोता स्वतः पुरं करतो.

तबकडी वाजवाल तर वेग बघा. १९२५च्या आधीच्या, भोंग्यासमोर गाऊन घेतलेल्या तबकड्या नेहमी ७८ फेऱ्यांच्या नसतात. ७३.५ला घेतलेली तबकडी ७८ला वाजवली की सूर साधारण एक अर्धस्वर चढतो आणि बाई चिरकी वाटते. इंटरनेटवर चढवलेल्या कित्येक प्रतींत हीच चूक आहे. मूळ स्वरपत्रकाची पट्टी पियानोवर वाजवून जुळवा, फरक असेल तर संगणकावर वेग कमी करा. वेगच. नुसता सूर उतरवलात तर लय खोटी राहते.

ऐरोली_रंगपीठ

दादा, मासारी थोर आहेच, पण प्रश्न गाइस्टिंगरचा आहे, आणि दोघींना एका कार्यक्रमात बसवलं तर मासारीचा आवाज गाइस्टिंगरला पुसून टाकेल. मात्र तुमच्या सूचनेतला एक भाग घ्यावासा वाटतो. मित्सी ग्युंटर आणि लुई ट्रॉयमान ही ‘मेरी विडो’ची मूळ जोडी, त्यांच्या १९०६च्या सुमाराच्या तबकड्या आहेत. अगदी शेवटी, मृत्यूची तारीख सांगून झाल्यावर, ‘तिच्यानंतर त्याच थिएटरात उभ्या राहिलेल्या बाईचा आवाज’ असं नाव घेऊन सांगत चाळीस सेकंद लावा. ट्रॉयमानचं १९४३मध्ये टेरेझिनश्टाट या नाझी छावणीत काय झालं ते त्या चाळीस सेकंदांत सांगू नका, ती वेगळी आणि मोठी गोष्ट आहे.

नौपाडाकर

सगळ्यांचे मनापासून आभार. मासारी पुढल्या वर्षी नक्की. तबला काढला, तबलजींशी बोलणं झालं. दोन प्रश्न उरले.

एक, आन्त्सेनग्रुबरचा प्रवेश बोलीत आहे म्हणतात, तर तो आगरीत करावा का? मंडळात आगरी बोलणारे आहेत आणि ठाण्यात ती जवळची वाटेल.

दोन, घड्याळाचं द्वंद्वगीत सोप्रानो आणि नट करू शकतील का? घड्याळ हिसकावताना साखळी अडकते आहे.

ऐरोली_रंगपीठ

आगरीबद्दल. आन्त्सेनग्रुबरची बोली कुठल्या एका खोऱ्याची नाही. शहरातल्या प्रेक्षकाला कळेल अशी त्यानं रंगमंचासाठी घडवलेली ग्रामीण भाषा आहे ती. आगरी एका ठरावीक किनाऱ्याची, तिच्यातून ठाण्याची खाडीच दिसेल, आल्प्सचं खेडं नाही. शिवाय आपल्या रंगभूमीनं आगरी विनोदापुरती वापरायची सवय लावून ठेवली आहे. पहिल्या वाक्याला हशा आला की क्रूस देण्याचा क्षण परत मिळत नाही. मंडळातल्या ताईंनी, जन्मानं ती बोली बोलणाऱ्या, अगदी शांतपणे वाचून दाखवली आणि खोलीतलं कुणी हसलं नाही, तर जरूर करा. नाहीतर साधी ग्रामीण मराठी, ‘व्हय-न्हाय’चा मारा न करता.

घोडबंदर_व्हायोलिन

द्वंद्वगीत नक्की जमेल, आणि तेच कार्यक्रमाचं शिखर ठेवा, चारदाश त्याच्यानंतर लगेच. प्रसंग असा: आइझेनश्टाइन किणकिणणारं छोटं घड्याळ दाखवून बायकांना भुलवतो, आणि मुखवट्यामागे आपलीच बायको आहे हे त्याला ठाऊक नाही. हृदयाचे ठोके आणि घड्याळाची टिकटिक मोजण्याचा खेळ सुरू होतो. मोजताना आकडा आठ गाळला जातो आणि दुसरं पात्र अडवतं, सातानंतर नऊ कसे? आकडे मराठीत घ्या, हशा नेमका तिथे मिळतो. पण अक्षरं जुळवून घ्यावी लागतील. जर्मन सहा एका अक्षराचे आणि सात दोन अक्षरांचे, मराठीत नेमकं उलट. ‘सहा’ला बोलण्यातलं ‘सा’ करा, ‘सात’ दोन सुरांवर ताणा.

नट लयीत बोलला तरी भागतं. ठोके पियानोच्या डाव्या हातात राहू द्या, टिकटिक मी व्हायोलिनच्या तारा छेडून देतो तशी द्यायला सांगा. दोन्ही आवाज वेगळे ऐकू आले पाहिजेत, त्यावरच गाणं उभं आहे.

बेलापूर_वाचक

साखळीचं. साखळी हुकनं लावू नका, हुक बनियनच्या विणीतही अडकतो. जॅकेटच्या आतून एक प्रेस बटण शिवा, बटणाचा दुसरा भाग साखळीच्या टोकाला जाड दोऱ्यानं बांधा. ओढलं की सुटतं. साखळी वीतभरच ठेवा, लांब असली की बोटाभोवती फिरते. घड्याळ डाव्या खिशात, म्हणजे समोर उभ्या सोप्रानोच्या उजव्या हाताला सरळ येतं. तिनं ते मूठ बंद करून घ्यायचं. पोलक्याला आतून एक कापडी खिसा शिवून ठेवा, नाहीतर चारदाशच्या वेगवान भागात घड्याळ खाली पडेल.

आणि चारदाश झाल्यावर ते घड्याळ बाहेर टेबलावर ठेवू देऊ नका, तिच्याजवळच राहू द्या. तिसऱ्या अंकात नवरा बायकोवर बेवफाईचा आरोप करतो तेव्हा ती हेच घड्याळ त्याच्या डोळ्यांसमोर धरते. तुमच्या ७५ मिनिटांत तिसऱ्या अंकाला दोनच मिनिटं असली, तरी ती दोन मिनिटं त्या घड्याळावरच जायला हवीत.